बुद्धिबळाची पहिली जगज्जेती : व्हेरा मेन्चिक

भगिनींनो, वर्धापनदिनाच्या स्मरणिकेसाठी चरित्र लिहायचे तर ते एखाद्या समाजसुधारक स्त्रीचे किंवा संतकवयित्रीचे असावे, असा आपल्याकडे प्रघात आहे आणि तो चांगलाच आहे. मागील अंकांतून आपण तशी चरित्रे आवडीने वाचली आहेत. या वर्षी मात्र चिटणीसबाईंनी माझ्याकडे लेख मागितला तेव्हा मी त्यांच्याकडून एक सवलत मागून घेतली. मंडळाचा बुद्धिबळाचा वर्ग माझ्याकडे आहे, तेव्हा बुद्धिबळ खेळणाऱ्या एका बाईचीच हकिकत मला सांगू द्यावी, असे मी त्यांना म्हटले. त्यांनी हसून होकार दिला.

या विनंतीमागे एक कारण होते, ते आधीच सांगितलेले बरे. गेल्या गणेशोत्सवात आपल्या आळीत जी बुद्धिबळाची खुली स्पर्धा झाली, तिच्यात आमच्या वर्गातील एका मुलीचे नाव मी घातले होते. खेळणारे सगळे पुरुष आणि मुलगे. त्यांत ही एकटी मुलगी. सात डावांपैकी सहा ती हरली, एक बरोबरीत सुटला, आणि मंडपातील फळ्यावर तिचे नाव सर्वांच्या खाली लागले. काही मुलगे हसले. मुलगी घरी जाऊन रडली. तिची आई आपल्याच मंडळाची सभासद. तिने मुलीला वर्गातून काढून घेतले. तेव्हापासून कार्यकारिणीपुढे प्रश्न आहे की यापुढे मुलींना त्या स्पर्धेला पाठवावे, की आपल्याच सभागृहात मुलींची निराळी स्पर्धा भरवावी आणि तिकडचे नाव काढू नये. येत्या बैठकीत त्याचा निर्णय व्हायचा आहे. मी त्या मायलेकींना समजवायला गेले होते, पण मला धड काही बोलता आले नाही. तेव्हा जे सुचले नाही ते आज लिहीत आहे.

व्हेरा मेन्चिकचा जन्म १६ फेब्रुवारी १९०६ रोजी मॉस्को शहरात झाला. म्हणजे वयाने ती माझ्या आजीच्या बरोबरीची. तिचा उल्लेख मी एकेरीत करणार आहे, त्याबद्दल क्षमा असावी. ती अडतिसाव्या वर्षीच गेली, त्यामुळे आजी म्हणून ती डोळ्यांपुढे येतच नाही. वडील फ्रान्तिशेक मेन्चिक हे बोहेमियाचे, म्हणजे पुढे ज्या भागाचा चेकोस्लोव्हाकिया झाला तिथले. आई ऑल्गा इंग्रज. वडील रशियातील बड्या जमीनदारांच्या मिळकतींची व्यवस्था पाहत आणि आई त्या घरांतील मुलांना शिकवी. पाठची एक बहीण होती, तिचे नावही आईचेच, ऑल्गा. घर खाऊनपिऊन सुखी होते. व्हेरा नऊ वर्षांची असताना वडिलांनी तिला बुद्धिबळाचा पट आणून दिला आणि चाली शिकवल्या. पुढच्या साऱ्या कहाणीचे मूळ त्या पटात आहे.

१९१७ साली रशियात राज्यक्रांती झाली आणि घराचे सगळे पालटले. वडिलांची गिरणी गेली. राहत्या घरात परकी कुटुंबे येऊन राहिली. मुलींची शाळा संध्याकाळी भरू लागली. वर्गात ऊब नाही, उजेड नाही, मुलींनी मेणबत्त्या आणि चिमण्या घरून न्यायच्या. अशा त्या दिवसांत शाळेने बुद्धिबळाची स्पर्धा घेतली आणि चौदा वर्षांची व्हेरा तिच्यात दुसरी आली. पण तिथे राहणे पुढे अशक्य झाले. १९२१ च्या शरद ऋतूत कुटुंबाने रशिया सोडला, आणि त्याबरोबर संसारही दुभंगला. वडील आपल्या बोहेमियात गेले. आई दोन्ही मुलींना घेऊन इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावरील हेस्टिंग्ज गावी आपल्या आईकडे राहायला आली.

पंधरा वर्षांची ही मुलगी आता आजोळी होती, पण तिथली भाषा तिची नव्हती. रशियन ती मायबोलीसारखी बोले, इंग्रजी मात्र अडखळत. हेस्टिंग्जला बुद्धिबळाचा जुना आणि नामांकित क्लब होता. परंतु बोलायचे कसे या संकोचाने ती तिकडे दीड वर्ष फिरकली नाही. आपल्यापैकी ज्या लग्न होऊन परप्रांतात गेल्या आहेत, त्यांना हा संकोच सांगायला नको. अखेर १९२३ च्या मार्चमध्ये ती क्लबात गेली. या खेळाची एक सोय आहे : समोरासमोर दोन माणसे तास न् तास बसतात, पण बोलावे लागत नाही. पटावरचे राजा, वजीर, हत्ती, उंट, घोडे आणि प्यादी हीच तिथली भाषा, आणि ती व्हेराला चांगली येत होती.

प्रथम तिला क्लबातील जॉन ड्र्युइट यांनी शिकवले. मग तिच्या भाग्याने गेझा मारोत्सी हे हंगेरीचे थोर खेळाडू तिला गुरू म्हणून लाभले. मारोत्सींचा खेळ शांत, घट्ट आणि चिवट. एकदम झेप घालून मात देण्यापेक्षा एकेक घर राखत, प्याद्याला प्यादे जोडत पुढे सरकायचे, आणि प्रतिपक्ष उतावळा होईपर्यंत आपण उतावळे व्हायचे नाही, ही त्यांची शिकवण. व्हेराच्या स्वभावाला ती मानवली. तिच्या खेळात चमत्कार थोडे, पण चुका त्याहून थोड्या. जानेवारी १९२६ मध्ये लंडनला मुलींची पहिली खुली स्पर्धा झाली, ती तिने जिंकली. दुसऱ्या वर्षीही जिंकली.

१९२७ साली लंडनला देशोदेशींच्या संघांचे पहिले अधिकृत बुद्धिबळ ऑलिम्पियाड भरले. त्याच वेळी स्त्रियांसाठी जागतिक अजिंक्यपदाची स्पर्धा प्रथमच ठेवली गेली. बारा स्त्रिया खेळल्या. प्रत्येकीने इतर अकरा जणींशी एकेक डाव खेळायचा. जिंकला तर एक गुण, बरोबरी झाली तर अर्धा, हरला तर शून्य. व्हेराने अकरांपैकी दहा डाव जिंकले आणि एक बरोबरीत सोडवला. एकवीस वर्षांची ही निर्वासित मुलगी बुद्धिबळाची पहिली जगज्जेती झाली.

ते पद तिने मरेपर्यंत सोडले नाही. हॅम्बुर्ग १९३०, प्राग १९३१, फोकस्टन १९३३, वॉर्सा १९३५, स्टॉकहोम १९३७ आणि ब्युनोस आयरिस १९३९, अशा आणखी सहा स्पर्धा झाल्या आणि सहाही तिने जिंकल्या. प्रागला आठांपैकी आठ, फोकस्टनला चौदांपैकी चौदा, वॉर्साला नवांपैकी नऊ, स्टॉकहोमला पुन्हा चौदांपैकी चौदा. सातही स्पर्धांची बेरीज केली तर एकूण डाव होतात ८३. त्यांपैकी ७८ जिंकले, ४ बरोबरीत सुटले आणि हरला तो फक्त १, हॅम्बुर्गला. त्या काळी तिच्या जवळपास येणारी एकच स्त्री होती, जर्मनीची सोन्या ग्राफ. १९३७ साली ऑस्ट्रियातील सेमरिंग येथे दोघींचा सोळा डावांचा सामना झाला. तोही व्हेराने नऊ विजय, दोन पराभव आणि पाच बरोबऱ्या अशा फरकाने जिंकला.

एवढे वाचून कोणालाही वाटेल की चरित्र संपले. जिंकत आली, जिंकत गेली. पण मला व्हेराचे जे वाटते ते या ७८ विजयांत नाही. स्त्रियांमध्ये तिला तोड नव्हती. घरी बसून दोन वर्षांनी एकदा जायचे आणि मुकुट घेऊन यायचे, एवढे केले असते तरी तिच्या नावाला उणेपणा आला नसता. तिने तसे केले नाही. जिथे आपण हरणार हे तिला स्पष्ट दिसत होते, तिथे ती पुन्हा पुन्हा जाऊन बसली.

१९२९ च्या वसंतात इंग्लंडमधील रॅम्सगेटला एक स्पर्धा झाली. सात परदेशी खेळाडू सात ब्रिटिश खेळाडूंशी खेळणार होते. परदेशी बाजूला माजी जगज्जेता कापाब्लांका होता, पोलंडचा रुबिनश्टाइन होता, खुद्द मारोत्सी होते, आणि व्हेरा होती. कापाब्लांका साडेपाच गुणांनी पहिला आला. पाच गुण मिळवून दुसऱ्या जागेवर दोघे बरोबरीने आले : एक रुबिनश्टाइन, दुसरी व्हेरा. गुरू मारोत्सी शिष्येच्या मागे राहिले. शिष्याने गुरूला मागे टाकावे ही कोणत्याही गुरूची इच्छा असते, असे आपण नेहमी म्हणतो. इथे ती अक्षरशः खरी झाली.

त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये चेकोस्लोव्हाकियातील कार्ल्सबाद या उष्ण झऱ्यांच्या गावी जगातील निवडक खेळाडूंची मोठी स्पर्धा भरली. बावीस खेळाडू, त्यांत व्हेरा एकटी बाई. आता विनोद सुरू झाले. व्हिएन्नाच्या आल्बर्ट बेकर यांनी सुचवले की या बाईंकडून जो हरेल त्याला व्हेरा मेन्चिक क्लबाचा सभासद करून घ्यावे. नुसती बरोबरी करणाऱ्याला उमेदवार म्हणावे. हान्स क्मोख यांनी तर, असे सांगतात की, बाईंना तीनपेक्षा अधिक गुण मिळाले तर आपण रंगमंचावर नर्तकीसारखे नाचून दाखवू, अशी पैज लावली. सभ्य माणसांची सभ्य थट्टा होती. पण थट्टा ती थट्टाच. आपल्या मंडपातील मुलग्यांचे हसणे तिच्यापेक्षा फार वेगळे नव्हते.

पुढे काय झाले ते ऐका. व्हेरा मेन्चिक क्लबाचे पहिले सभासद होण्याचा मान खुद्द बेकर यांनाच मिळाला. व्हेराने त्यांना हरवले. बेकर काही लिंबूटिंबू नव्हते. त्या स्पर्धेत ते पाचव्या जागेच्या बरोबरीत आले. दुसरे सभासद झाले जर्मनीचे झेमिश. पण सत्य सांगायचे तर पुरते सांगावे. एकवीस डावांत व्हेराने जिंकले ते हे दोनच. दोन बरोबरीत सुटले, सतरा ती हरली. गुण बरोबर तीन. क्मोख नाचण्यातून सुटले आणि व्हेरा बाविसांत बाविसावी, म्हणजे शेवटची आली.

सतरा पराभव! भगिनींनो, मी स्वतः हा खेळ खेळते, म्हणून मला सतरा या आकड्याचे वजन कळते. बुद्धिबळात हरल्यावर दोष द्यायला कोणी नसते. फासे उलटे पडले असे म्हणता येत नाही, पाऊस आला असे म्हणता येत नाही. चार-पाच तास डोके लावायचे आणि शेवटी आपल्याच चुकीवर सही करून उठायचे. आणि दुसऱ्या दिवशी सकाळी वेणी घालून, त्याच लोकांच्या नजरेखालून चालत जाऊन पुन्हा खुर्चीवर बसायचे. व्हेराने हे केले, आणि त्याबद्दल तक्रार केली नाही. पटावर ती शांत बसे. हरली तरी चेहरा पडत नसे, जिंकली तरी मिरवत नसे.

माझी एक लहानशी आठवण इथे सांगते. मला हा खेळ मामंजींनी शिकवला. त्यांचे मित्र रविवारी जमत. मी चहा घेऊन जाई आणि दाराशी उभी राहून डाव पाही. एकदा एक गडी आला नाही, तेव्हा मामंजींनी मलाच समोर बसवले. समोरच्या गृहस्थांनी सुनेला बरे वाटावे म्हणून मुद्दाम वजीर मारू दिला आणि डाव सोडला. सगळ्यांनी कौतुक केले. मला मात्र त्या विजयाचा जेवढा राग आला, तेवढा नंतरच्या कोणत्याही पराभवाचा आला नाही. कारण त्यांनी मला खेळगडी समजलेच नव्हते. कार्ल्सबादला व्हेराशी हरलेल्याची थट्टा व्हायची होती, म्हणून तिच्यासमोर कोणी हलगर्जीपणा केला नाही. सगळे जीव तोडून खेळले. थट्टेतून का होईना, तिला पुरा मान मिळाला. सतरा पराभव खरे होते, म्हणून दोन विजयही खरे ठरले.

आणि त्या पराभवांचे फळ लवकरच दिसले. हेस्टिंग्जला दर नाताळात मोठी स्पर्धा भरे. ते तर तिचे घरचे अंगण. १९३०-३१ च्या स्पर्धेत तिने हॉलंडच्या माक्स ऑयवे यांना हरवले. पुढच्याच वर्षी तिथेच त्यांना पुन्हा हरवले. हे ऑयवे कोण? चार वर्षांनी, १९३५ साली, अलेखिनला हरवून जगज्जेते झाले तेच. अमेरिकेचा रेशेव्हस्कीही तिच्याकडून हरला. १९३४ साली मारिबोरच्या स्पर्धेत ती पिर्ट्‌स आणि श्टाइनर यांच्या मागोमाग तिसरी आली. क्लबाची सभासदसंख्या अशी वाढत गेली, आणि थट्टेची धार बोथट होत गेली.

या क्लबात आपल्या देशाचाही एक सभासद होता, हे वाचून आपल्याला मौज वाटेल. पंजाबातील सर उमर हयात खान यांच्या पदरी असलेला मीर सुलतान खान १९२९ साली त्यांच्याबरोबर विलायतेत गेला आणि ब्रिटिश अजिंक्यपद त्याने तीनदा जिंकले. अशा या पराक्रमी गड्याला १९३१-३२ च्या हेस्टिंग्ज स्पर्धेत व्हेराने हरवले. त्याच उमर हयात खानांच्या घरी काम करणारी फातिमा ही तरुणी १९३३ साली ब्रिटनच्या स्त्रियांच्या स्पर्धेत पहिली आली. एका घरातील दोन सेवक, आणि दोघेही ब्रिटनचे विजेते. आपल्या मुलींना फातिमाचे नावही सांगितले पाहिजे.

पराभव तरीही संपले नाहीत. १९३५ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये मॉस्कोला मोठी स्पर्धा झाली. ज्या शहरातून चौदा वर्षांपूर्वी सर्वस्व सोडून निघावे लागले, तिथे व्हेरा पाहुणी म्हणून परत गेली. एकोणीस डाव खेळली. एकही जिंकता आला नाही. तीन बरोबरीत, सोळा पराभव, आणि पुन्हा सर्वांच्या खाली नाव. जन्मगावी असे व्हावे, याचे दुःख काय असेल! पण त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये वॉर्साला स्त्रियांची जागतिक स्पर्धा झाली, आणि तिथे तिने नऊच्या नऊ डाव जिंकले. मॉस्कोचे सोळा पराभव आणि वॉर्साचे नऊ विजय मी एकत्र वाचते. सोळांनी जे शिकवले ते नवांच्या उपयोगी पडले, असे मला वाटते.

वॉर्साच्या त्या स्पर्धेवर एका मृत्यूची छाया होती. ब्रिटनच्या स्त्रियांच्या स्पर्धेत चार वेळा पहिल्या आलेल्या ॲग्नेस स्टीव्हन्सन त्या स्पर्धेसाठी निघाल्या होत्या. वाटेत पोझनानच्या विमानतळावर विमानाच्या फिरत्या पंख्याचा धक्का लागून त्या जागीच मरण पावल्या. त्यांचे पती रूफस स्टीव्हन्सन हे इंग्लंडच्या बुद्धिबळ संघटनेत आणि तिथल्या प्रसिद्ध बुद्धिबळ मासिकात काम करणारे गृहस्थ. पुढे दोन वर्षांनी, ऑक्टोबर १९३७ मध्ये, व्हेराने त्यांच्याशी विवाह केला. ती एकतीस वर्षांची, ते तिच्याहून अठ्ठावीस वर्षांनी वडील. या विवाहाने तिला स्थैर्य मिळाले आणि ब्रिटिश नागरिकत्वही मिळाले. तोवर ती आधी रशियाच्या आणि मग चेकोस्लोव्हाकियाच्या नावाने खेळत असे. १९३९ ला ब्युनोस आयरिसला ती प्रथमच इंग्लंडची म्हणून उतरली, आणि १९ डावांत १७ विजय व २ बरोबऱ्या मिळवून सातव्यांदा जगज्जेती झाली. ती तिथे असतानाच दुसरे महायुद्ध पेटले.

व्हेरा लोकांना शिकवून, व्याख्याने देऊन आणि एकाच वेळी अनेकांशी डाव मांडून आपली उपजीविका करी. त्या वर्षी लंडनच्या ऑक्सफर्ड स्ट्रीटवर राष्ट्रीय बुद्धिबळ केंद्र सुरू झाले आणि त्याची व्यवस्था तिच्याकडे आली. वर्षभरात, १९४० च्या बॉम्बवर्षावात, ते केंद्र जळून गेले. १९४२ साली जर्मनीतून परागंदा होऊन आलेल्या वृद्ध जाक मिझेस यांच्याशी तिने दहा डावांचा सामना खेळला आणि चार विजय, एक पराभव, पाच बरोबऱ्या असा जिंकला. १९४३ साली पती वारले. त्यानंतर आई, ऑल्गा आणि व्हेरा या तिघीच लंडनच्या क्लॅपम भागात गॉडन रोडवरील घरात राहत होत्या.

१९४४ च्या जून महिन्यात जर्मनांनी लंडनवर वैमानिकाविना उडणारे बॉम्ब सोडायला सुरुवात केली. २६ जूनच्या रात्री त्यांतला एक त्या घरावर पडला. तिघीही मायलेकी एकदम गेल्या. तिने जिंकलेली स्मृतिचिन्हे आणि जपलेले डावांचे कागदही घराबरोबर नष्ट झाले. रशियातून जीव वाचवून आलेल्या तिघी अशा एका क्षणात संपल्या, हे वाचताना माझ्या हातातले पुस्तक खाली ठेवले गेले. तेव्हा ती जगज्जेती होतीच. तिला पटावर हरवून ते पद कोणीच घेतले नाही. जागा रिकामी राहिली. नवी स्पर्धा मॉस्कोला १९४९-५० च्या हिवाळ्यात झाली आणि लुदमिला रुदेन्को दुसरी जगज्जेती झाली.

माणूस जातो, त्याने उघडलेले दार उघडे राहते. १९५७ साली हॉलंडमधील एमन गावी स्त्रियांचे पहिले ऑलिम्पियाड झाले, आणि विजेत्या संघाच्या करंडकाला व्हेरा मेन्चिकचे नाव दिले गेले. ग्रँडमास्टर ही पदवी जागतिक संघटना १९५० पासून देऊ लागली, त्यामुळे व्हेराला ती कधीच मिळाली नाही. पुरुषांच्या तोडीची ती पूर्ण पदवी मिळवणारी पहिली स्त्री म्हणजे जॉर्जियाची नोना गाप्रिंदाश्विली, १९७८ साली.

आता जो प्रसंग सांगते, तो आपल्या मुंबईचा आहे आणि माझ्या मते या चरित्राचेच पुढचे पान आहे. भारतात स्त्रियांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा १९७४ साली झाली, तिच्यात वसंती खाडिलकर पहिली आली. वसंती, जयश्री आणि रोहिणी या तिघी सख्ख्या बहिणी, आणि पुढे काही वर्षे ते अजिंक्यपद त्यांच्याच घरात फिरत राहिले. १९७६ साली धाकट्या रोहिणीने पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत नाव घातले. तेव्हा ती अवघी तेरा वर्षांची होती. मुलीने पुरुषांत खेळावे की नाही यावर गदारोळ उठला, प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेले, आणि शेवटी जागतिक संघटनेच्या अध्यक्षांनी निर्णय दिला की राष्ट्रीय वा आंतरराष्ट्रीय अजिंक्यपदाच्या स्पर्धेतून स्त्रियांना स्त्री म्हणून वगळता येणार नाही. हे अध्यक्ष कोण होते? माक्स ऑयवे! हेस्टिंग्जला व्हेराकडून दोनदा हरलेले, तिच्या क्लबाचे सर्वांत मोठे सभासद. निर्णय देताना त्यांच्या मनात काय होते ते मी जाणत नाही. परंतु बाई समोर बसून खेळू शकते की नाही, हे त्यांना कोणी समजावून सांगण्याची गरज नव्हती, एवढे नक्की. पंचेचाळीस वर्षांपूर्वीचे ते दोन डाव आपल्या मुंबईच्या मुलीच्या कामी आले.

पुढचे आपण वर्तमानपत्रांत वाचलेच आहे. १९८१ साली रोहिणी आशियाची विजेती झाली. २०२४ साली बुडापेस्टच्या ऑलिम्पियाडमध्ये भारताच्या स्त्रियांनी प्रथमच सुवर्णपदक मिळवले. त्या विजयाचा करंडक म्हणजे तोच व्हेरा मेन्चिक करंडक. त्या संघात नागपूरची दिव्या देशमुख होती. पुढच्याच वर्षी, २०२५ च्या जुलैमध्ये, जॉर्जियातील बाटुमी येथे स्त्रियांचा विश्वचषक जिंकून एकोणीस वर्षांची दिव्या ग्रँडमास्टर झाली.

आता आपल्या बैठकीकडे वळते. मुलींची निराळी स्पर्धा भरवावी, याला माझा विरोध नाही. उलट अनुमोदन आहे. व्हेरालाही स्त्रियांच्या स्पर्धेनेच नाव दिले, मान दिला. जिंकण्याची गोडी लागायला ती जागा हवी. पण तेवढ्यावर थांबू नये. खुल्या मंडपातले नाव काढले तर आपल्या मुली जिंकतील पुष्कळ, शिकतील थोडे. दोन्हीकडे खेळाव्यात, असा ठराव मी मांडणार आहे. शेवटचा नंबर येईल, कदाचित दोन-चार वर्षे येईल. हसणारे हसतील. आपण त्यांना पुढच्या वर्षी सभासद करून घेऊ.

आणि दुसऱ्याच्या लेकीला पुढे करून आपण खुर्चीवर बसावे, ही माझी चूक होती, हे मला आता कळते. म्हणून येत्या गणेशोत्सवाच्या यादीत मी माझेच नाव पहिले दिले आहे. वय अडुसष्ट. बहुतेक डाव हरेन. गुडघे फार वेळ बसू देत नाहीत आणि नातवाच्या वयाचे मुलगे झरझर चाली करतात. पण एखादा बेकर मलाही भेटेल.

त्या मुलीच्या आईला एवढेच सांगते की वर्ग सोमवारी चार वाजता असतो. खिडकीजवळच्या पटावर मी अजून दुसऱ्या कोणाला बसवलेले नाही.